माझ्याच तोंडची आण

मी तोंडाचा फटकळ माणूस. आधी बोलतो, मग घरी येऊन पाणी पितो, आणि त्यानंतर विचार करतो. बायको म्हणते, तुमच्या जिभेला वेसण घालायला पाहिजे होती, पण तुमच्या मायनं लाडावून ठेवलं. लहानसहान भांडणांत या जिभेनं माझं फारसं काही बिघडवलं नाही. एकदाच बिघडवलं, आणि ते मला अजून निस्तरता आलेलं नाही.

आमचं गाव मोर्शीच्या वरच्या अंगाला, सातपुड्याच्या पायथ्याशी. खाली काळी जमीन आणि संत्र्याचे बगीचे, वर टेकडी. माझ्या लहानपणी टेकडीवर साग होता, धावडा होता, साळई होती. मी बाप झालो तोवर तिथं दगड आणि तरोट्याचं तण उरलं. कोणी चोर-दरोडेखोरांनी नेलं नाही, आम्हीच नेलं. वखराला लाकूड, मांडवाला लाकूड, चुलीला लाकूड. मग विहिरी खोल गेल्या, बगीचे माना टाकायला लागले, तेव्हा आमचे डोळे उघडले.

वनखात्यानं गावाची समिती करायला सांगितली. टेकडी सरकारची, पण राखायची गावानं, आणि पुढं तिथलं गवत, मोहफुलं, तेंदूपत्ता गावाचा. अध्यक्ष व्हायला कोणी तयार नव्हतं. माझा आवाज मोठा, म्हणून मला बसवलं.

कुऱ्हाडबंदी झाली, चराईबंदी झाली, रजिस्टरात घरोघरच्या सह्या झाल्या. दुसऱ्याच दिवशी सकाळी माझी चुलत वहिनी डोक्यावर मोळी घेऊन टेकडीवरून उतरताना दिसली. मी म्हणालो, ‘‘काहून वहिनी, काल सही केली ना?’’

‘‘सही यायनं केली,’’ वहिनी घराकडं, नवऱ्याच्या दिशेनं हात करून म्हणाली, ‘‘मोळी तं मी आनली!’’

आता याला काय म्हणावं? महिनाभर असंच चाललं. कागदाला आमच्या गावात कोणी भीत नाही. भितात ते एकाच जागेला. टेकडीची पायवाट सुरू होते तिथं शेंदूर लावलेला एक दगड आहे, त्याला आम्ही शिवेवरची माय म्हणतो. बांधाचं भांडण मिटत नसलं की दोघांनी त्या दगडावर हात ठेवायचा. तिथं आजवर कोणी खोटं बोललं नाही. मला वाटलं, रजिस्टर गेलं खड्ड्यात, गावाला मायसमोर आण घ्यायला लावू.

अख्खा गाव जमवला. नारळ फोडला. मी दगडावर हात ठेवून सांगायला लागलो. ठरलं होतं ते एवढंच, की या दगडाच्या आत विळा-कुऱ्हाड नेणार नाही, ढोर-बकरी सोडणार नाही. पण मागं दोघं-तिघं फिदीफिदी हसत होते. माझं डोकं सटकलं. मी ओरडलो, ‘‘अन् जो कोनी इळा-कुऱ्हाड आत नेईन, त्याच्या घरचा पाळना हालनार नाई!’’

बायांनी पदर डोक्यावर ओढले. माझं मलाच वाटलं, वा, काय बोललो!

एकच बाई पुढं आली. तिला सगळा गाव मावशी म्हणतो. नवरा कधीच गेलेला, गावाच्या टोकाला एक खोली, आणि दहा-बारा बकऱ्यांवर पोट. एक मुलगी होती. ती बडनेऱ्याला रेल्वेत असलेल्या पोराशी आपल्या मर्जीनं लग्न करून गेली. पोरगा वेगळ्या समाजाचा. गावानं तोंडाला येईल ते बोलून घेतलं, आणि त्यानंतर त्या पोरीचं नाव गावात निघालं नाही. मावशीनं मात्र टेकडीचा एकेक धोंडा पायाखाली घातलेला होता.

‘‘पोरा, आन नोको घालू,’’ ती म्हणाली. ‘‘जंगल दरवर्सी सारकं नसते. एखांद्या वर्सी आत इळा न्याचं काम पडन, तवा कसं करशीन?’’

‘‘मावशी, तुले तुह्या बकऱ्याची पडली,’’ मी म्हणालो. लोक हसले. सगळ्यांच्या शेवटी मावशीनं दगडावर हात ठेवला. दोन महिन्यांत तिनं बकऱ्या बाजारात विकल्या आणि आमच्याच बगीच्यांत निंदायला यायला लागली. तिच्याशी तेव्हा कोणी सल्लामसलत केली नाही. मीही केली नाही. समितीत तिचं नाव होतं का, हेसुद्धा मला पाहावं लागेल.

आण मात्र लागली. मोळ्या बंद झाल्या, म्हणजे एकदम बंद. सात-आठ वर्षांत सागाला फुटवे आले, पळस उठला, बोरी वाढल्या, नाल्याला माघापर्यंत पाणी राहायला लागलं. बाहेरगावचे लोक पाहायला यायचे आणि मी छाती फुगवून त्यांना दगड दाखवायचो. विळा आत जात नसल्यामुळे गवतही वाढत होतं. ते कोणी पाहत नव्हतं. मी तर नाहीच.

मग आमच्या बीटला नवीन वनरक्षक बाई आली. वयानं माझ्या मुलीएवढी, चालण्यात मात्र आमच्या पोरांना मागं टाकणारी. तिनं एक नवी रीत आणली. दर हिवाळ्यात गावानं तिच्यासोबत टेकडीवर फेरी मारायची, काय वाढलं, काय मेलं ते डोळ्यांनी पाहायचं, आणि त्याप्रमाणे पुढच्या वर्षीचा नियम बदलायचा. ‘‘मागच्या वर्षीचा नियम चुकला असं दिसलं तर बदलायचा,’’ ती म्हणाली, ‘‘त्यात लाज कसली?’’

परवाच्या संक्रांतीआधी आम्ही फेरीला गेलो. गवत खांद्याला लागत होतं. कुसळं कपड्यांतून अंगात घुसली. बाईनं एका जागी बसून गवत बाजूला केलं. खाली गेल्या वर्षीचं वाळलेलं गवत, त्याखाली त्याच्या आधीच्या वर्षीचं, वीतभर जाड थर. त्याखाली सागाची रोपं पिवळी पडलेली. ती म्हणाली, ‘‘पलीकडच्या उतारावर लोक मोह वेचायला झाडाखालचा पालापाचोळा जाळतात. होळीनंतर एक ठिणगी इकडं आली तर तुमची सगळी वर्षं तासाभरात जातील.’’ उपाय साधा होता. होळीच्या आधी माथ्यावरून गवताचा रुंद पट्टा कापून जमीन मोकळी करायची, म्हणजे आग तिथं येऊन थांबते. याला जाळरेषा म्हणतात. आणि पुढं थोड्या भागात पाळीपाळीनं बकऱ्या सोडायच्या.

बकऱ्या! आणि आत विळा न्यायचं काम पडेल, हे तर मावशी आठ वर्षांपूर्वीच बोलली होती. मी मान खाली घातली.

सभा झाली. सगळ्यांचे हात वर. ठराव पाच मिनिटांत पास. ‘‘म्याडम, झालं समजा,’’ असं सगळ्यांत मोठ्यानं मीच म्हणालो. दुसऱ्या दिवशी दगडापाशी कोणी नाही. तिसऱ्या दिवशीही कोणी नाही. मी चौकात जाऊन ओरडायला लागलो तेव्हा एक जण हळूच म्हणाला, ‘‘भाऊ, आन कोनं घातली होती?’’

आमच्याकडं आणीचा एक कायदा आहे, तो कुठल्या पुस्तकात नाही. जो पहिला मोडतो त्याच्यावर सगळं जातं; मागून येणाऱ्यांना लागत नाही. आणि ती उतरवायचीच असेल तर ज्यानं घातली त्यानंच दगडावर हात ठेवून म्हणायचं, की जे व्हायचं ते माझ्या घरी होऊ दे. लोक म्हणाले, ‘‘पयला इळा तुमचा. मंग आमी हाओतच मांगं.’’

त्याच आठवड्यात माझी मुलगी अकोल्याहून बाळंतपणाला माहेरी आली.

तिचं सासर अकोल्याचं, माणसं चांगली. पण दोनदा तिच्या पोटातून गेलं होतं. एकदा तिसऱ्या महिन्यात, एकदा पाचव्यात. या वेळी सातवा लागला होता आणि आम्ही सगळे श्वास रोखून होतो. गाडीतून उतरली तेव्हा तिनं दोन्ही हात पोटाखाली धरले होते, भरली घागर धरावी तसे. बायकोनं भाकरतुकडा ओवाळून टाकला, तिला आत निजवलं, आणि मग मला मागच्या अंगणात घेऊन गेली.

‘‘गावात काय चालू हाये ते मले समजलं,’’ ती म्हणाली. ‘‘तुमी त्या दगडाच्या आत इळा नेला, तं मी पोरीले घेऊन अकोल्याले निंघून जाईन. मंग तुमी अन् तुमचं जंगल.’’

‘‘अगं, हे सगळं थोतांड हाये.’’

‘‘असन थोतांड. मंग जा ना. काहून गेले नाई आतापर्यंत?’’

मी अमरावतीला कॉलेजात शिकलेला माणूस. भूत-खेत, नजर, करणी, सगळ्याला शिव्या घालत आलो. पण खरं सांगतो, मी घाबरलो होतो. एका सकाळी मी एकटाच विळा घेऊन दगडापाशी गेलो. चार पावलांवर गवत होतं. माझा पाय उचलला गेला नाही. डोळ्यांसमोर पोरीचे ते दोन हात यायचे. अर्धा तास उभा राहिलो आणि विळा उपरण्यात गुंडाळून घरी आलो, कोणी पाहू नये म्हणून.

मग मी पळवाटा शोधायला लागलो. वनरक्षक बाईला म्हणालो, बाहेरून मजूर आणा. तिनं बिचारीनं वलगावकडून माणसं आणली. ती चहाच्या टपरीवर बसली, आणीची गोष्ट ऐकली, आणि चहा पिऊन परत गेली. अमरावतीला वनखात्याच्या ऑफिसात गेलो. साहेब म्हणाले, ‘‘नियम तर ठरावानं बदललाय, सही तुमचीच आहे. मग अडचण काय?’’ मी म्हणालो, ‘‘साहेब, ठराव कागदावर हाये, आन दगडावर हाये.’’ साहेबांनी माझ्याकडं पाहिलं आणि पुढची फाईल उघडली. मोर्शीच्या गुरुजींनी पंचांग पाहिलं आणि म्हणाले, मुलगी मोकळी होऊ द्या, मग आणीची शांती करू. मुलगी मोकळी होणार पाडव्यानंतर. आग काय, पाडव्याची वाट पाहणार होती?

इकडं आड, तिकडं विहीर, आणि दोन्ही मीच खोदलेले. घरात बायको बोलत नव्हती, चौकात लोक बोलणं थांबवत होते. मुलीला कोणी काही सांगितलं नव्हतं; ती विचारायची, ‘‘बाबा, तुमी जेवून काहून नाई राहिले?’’ बगीच्यात आंबिया बहार फुलला होता, वास दारापर्यंत यायचा, आणि मी दार लावून घ्यायचो. गवत रोज अजून वाळत होतं. वाऱ्यावर त्याची सळसळ गावात ऐकू यायची.

होळीच्या चार दिवस आधी बाईनं शेवटचा दिवस धरला. सकाळी सगळा गाव विळे घेऊन दगडापाशी आला, आणि दगडाच्या अलीकडं उभा राहिला. बाई पलीकडं, गवतात. ‘‘मीच कापते मग,’’ म्हणून तिनं दोन मुठी कापल्यासुद्धा. पण ती सरकारी माणूस, तिच्या हातानं आमची आण सुटत नव्हती. सगळे माझ्याकडं पाहत होते. माझ्या हातात माझा विळा होता. बायको गर्दीत मागं उभी होती. मी तिच्याकडं पाहिलं नाही.

तेवढ्यात मावशी पुढं आली. माझ्यासमोर उभी राहिली आणि हात पुढं केला.

‘‘आन तो इळा.’’

‘‘मावशी, तू नोको...’’

‘‘माह्या घरी कायचा आला पाळना?’’ ती म्हणाली. ‘‘सोड.’’

मला तिची मुलगी आठवली. त्याच क्षणाला आठवली, अगदी लहानपणीची, बकऱ्यांमागं धावणारी. ती कुठंतरी जिवंत आहे, तिचं लग्न झालेलं आहे, हे मला माहीत होतं. तिथं उभ्या असलेल्या प्रत्येकाला माहीत होतं. एकही जण म्हणाला नाही, की मावशी, तुला लेक आहे. मीही म्हणालो नाही. मी मूठ सोडली.

ती दगडाच्या आत गेली, वाकली, आणि माझ्या विळ्यानं गवताची पहिली मूठ कापली. मग सगळा गाव तिच्या मागं आत घुसला, कोणी हसत, कोणी ओरडत. मला काय वाटलं ते लपवत नाही. मला सुटल्यासारखं वाटलं. छातीवरचा धोंडा उतरला आणि मी सगळ्यांत पुढं जाऊन दुसऱ्याच्या विळ्यानं सपासप गवत कापायला लागलो. वरून सगळ्यांना सूचना देत होतो. लाजच नव्हती मला.

तीन दिवसांत पट्टा मोकळा झाला. होळीनंतर आठवड्याभरात भर दुपारी पलीकडून आग आली. आम्ही पळसाच्या हिरव्या फांद्या घेऊन धावलो. माथ्यावर धूर इतका, की शेजारचा माणूस दिसेना. पण आग पट्ट्यापाशी आली, इकडून तिकडं सरकली, आणि विझली. दोन-चार ठिणग्या उडाल्या, त्या आम्ही फांद्यांनी झोडपून मारल्या. टेकडी वाचली. बाईचा चेहरा काळा झाला होता आणि ती रडत होती. मीही रडलो.

पाडव्यानंतर अमरावतीच्या दवाखान्यात माझी मुलगी सुखरूप मोकळी झाली. मुलगी झाली. बाराव्या दिवशी घरी बारसं ठेवलं. सुताराकडून पाळणा आणला, बायकोनं त्याला झेंडूच्या माळा बांधल्या. मी म्हणालो, मावशीला बोलवायला मी स्वतः जातो. हातात लुगडं घेतलं, नारळ घेतला. माझ्या मनात होतं, पहिला झोका तिच्या हातानं द्यायचा. तेवढ्यानं फेडता येईल असं मला वाटत होतं.

मावशी ओट्यावर बसली होती. मला पाहून हसली. ‘‘पोर बरी हाये ना?’’

‘‘बरी हाये. चाल मावशी, पाळन्यात घालाची वेळ झाली.’’

‘‘मी नाई येत, बाप्पा. माह्यावर आन हाये. पाळन्यापाशी मले बलावू नोको.’’

मी हसण्यावारी न्यायला लागलो. म्हणालो, काय मावशी, कुठली आण, आग लागली, विझली, सगळं चांगलं झालं. तेवढ्यात तिच्या शेजारी ठेवलेला फोन वाजला. छोटा, बटणांचा फोन. तिनं उचलला नाही. वाजून बंद झाला. पुन्हा वाजला.

‘‘उचल ना मावशी.’’

‘‘पोरीचा हाये,’’ ती म्हणाली. ‘‘पाडव्याले तिचा फोन आल्ता. दिवस हायेत तिले. इतक्या वर्सानं. मी तं समजत होती, तिच्या नशिबी नाईच.’’ तिनं फोन पालथा घातला. ‘‘तवापासून मी तिचा फोन उचलत नाई. माह्या आवाजानं तिले काई झालं तं?’’

म्हणजे ती आण मानत होती. माझ्यापेक्षा जास्त मानत होती. मी इतके दिवस समजत होतो, की म्हातारीला या गोष्टींचं काही वाटत नाही म्हणून तिनं विळा घेतला.

फोन तिसऱ्यांदा वाजला. तिनं तो माझ्याकडं सरकवला. ‘‘तू बोल. सांग तिले, माय बरी हाये म्हना. बाकी काई सांगू नोको.’’

मी फोन कानाला लावला. ‘‘माय?’’ पलीकडून आवाज आला. मी कोण ते सांगितलं. तिनं लगेच ओळखलं, लहानपणी म्हणायची तसं मामा म्हणाली. आम्ही गावात तिच्याबद्दल काय काय बोललो होतो, आणि ती मला मामा म्हणाली. मी म्हणालो, माय बरी आहे.

‘‘मंग बोलत काहून नाई माह्यासंगं? मामा, मी काय केलं?’’

मावशी ओट्यावरून माझ्याकडं बघत होती आणि मानेनं नाही, नाही म्हणत होती. मला खोटं सांगता आलं असतं. फोन बिघडलाय, मायला ऐकू येत नाही, काहीही.

‘‘तू काई नाई केलं,’’ मी म्हणालो. ‘‘म्या केलं.’’ आणि सगळं सांगितलं. पाळण्याचं, दगडाचं, विळ्याचं. आमच्या घरून बायकांच्या पाळणा म्हणण्याचा आवाज यायला लागला होता.

‘‘मंग तुमी काढा ना ते, मामा,’’ ती म्हणाली. ‘‘तुमीच घातली ना?’’

‘‘काढतो,’’ मी म्हणालो.

त्या पोरीला आता पाचवा महिना आहे. मी रोज सकाळी त्या दगडापाशी जातो, त्यावर हात ठेवतो. वाक्य एवढंसं आहे: जे व्हायचं ते माझ्या घरी होऊ दे. आजपर्यंत ते माझ्या तोंडून निघालेलं नाही. माझ्या घरी पाळणा हलतोय.